गुप्त किल्ल्या आणि उघडे ग्रंथ

आपल्या संस्थेच्या वाचनालयास गेल्या वर्षी एका दिवंगत सभासदांच्या घरून पुस्तकांच्या दोन पेट्या देणगीदाखल आल्या. पहिल्या पेटीत कादंबऱ्या, प्रवासवर्णने आणि जुनी मासिके निघाली. ती लगोलग कपाटात लागली. दुसरी पेटी मात्र कार्यकारी मंडळापुढे प्रश्न होऊन बसली. मोशेच्या नियमशास्त्रात दडलेले संकेत उलगडून दाखविणारी इंग्रजी पुस्तके, कुराणातील एकोणीस या अंकाचे रहस्य, अंकशास्त्रावरील हिंदी पुस्तिका, यंत्रे व नक्षे छापलेली उर्दू चोपडी, ऋषिमुनींनी लपवून ठेवलेल्या विद्येची जाहिरात करणारे दोन जाडे खंड, असा सर्व धर्मांचा मेळा तीत भरला होता. एक सभासद म्हणाले, रद्दीत घाला. दुसऱ्यांनी विचारले, देवाधर्माचे नाव असलेला कागद रद्दीत कसा घालायचा? अखेर, ‘मास्तर गणित शिकवतात, उर्दू-फारसीही वाचतात, त्यांनाच पाहू द्या,’ असे ठरून ती पेटी माझ्या घरी आली. पुढील लेख हा त्या पेटीच्या वाचनातून निघालेला आहे.

पेटी उघडण्यास मी इतका तयार का झालो, ते आधी सांगतो. दोन-तीन वर्षांपूर्वी लष्करातील एका जुन्या वाड्यातले गृहस्थ एक जीर्ण मोडी कागद घेऊन माझ्याकडे आले होते. ग्वाल्हेरच्या मराठी माणसाला गंगाजळी हा शब्द निराळा सांगावयास नको. शिंदे सरकारच्या किल्ल्यावरील गुप्त खजिन्याचे ते नाव. आणि त्या खजिन्याची वाट सांगणारा संकेत म्हणजे ‘बीजक’. १८८६ साली जयाजीराव महाराज वारले तेव्हा माधवराव महाराज अवघे नऊ वर्षांचे होते; बीजक मुलाच्या कानी घालायचे राहून गेले आणि पुढे खजिना शोधून काढताना सर्वांची पुरेवाट झाली, अशी कथा येथील जुनी माणसे सांगत आली आहेत. त्या कथेच्या छायेत वाढलेल्या गावात पेटीच्या तळाशी न वाचता येणारा कागद सापडला, तर माणसाच्या मनात काय येणार? या गृहस्थांना एक ‘बीजक वाचणारा’ भेटला. त्याने कागदावरील आकड्यांवर बोट ठेवून माजघराची फरशी उखडावयास लावली. फरशी गेली, पत्नीच्या पाटल्या गेल्या, मुलीच्या कॉलेजची फी थकली. मग ते माझ्याकडे आले. मला मोडी अडखळत येते. म्हणून मोडी चांगली जाणणाऱ्या एका वृद्ध शेजाऱ्यांना बोलावले. त्यांनी चष्मा पुसला, पाचच मिनिटे पाहिले आणि म्हणाले, ‘अहो, ही लग्नाच्या सामानाची यादी आहे. तांदूळ, गूळ, तूप, तेल.’ ते गूढ आकडे म्हणजे मण, शेर आणि त्यांचे अपूर्णांक होते. तो माणूस कितीतरी वेळ गप्प बसला आणि मग त्याने मला हळूच विचारले, ‘मास्तर, दुसरी एखादी किल्ली लावून पाहता येणार नाही का?’

तो प्रश्न माझ्या मनातून गेलेला नाही. पेटीतील पुस्तके वाचताना पानोपानी तोच प्रश्न मला ऐकू येत होता.

प्रथम एक गोष्ट मान्य केली पाहिजे. पवित्र ग्रंथ सांकेतिक रीतीने लिहिण्याची चाल खरोखरच होती. ती काही थापाड्यांची कल्पना नव्हे, आणि तिचे एक थोर उदाहरण आपल्या मराठीतच आहे. तेराव्या शतकात श्रीचक्रधरस्वामींनी महानुभाव पंथाची स्थापना केली. त्यांच्या आठवणी म्हाइंभटांनी माणसामाणसाला गाठून, विचारून गोळा केल्या आणि १२७८ च्या सुमारास ‘लीळाचरित्र’ सिद्ध झाले. मराठीतील हा आद्य गद्य चरित्रग्रंथ. पंथाचे आचार्य नागदेव यांचा आग्रह असा की, लिहायचे ते मराठीतच लिहा. संस्कृतात लिहिले तर साध्याभोळ्या बायाबापड्यांनी ते कसे समजून घ्यावे? म्हणजे या वाङ्मयाचा जन्मच मुळी सर्वांना कळावे या हेतूने झालेला.

आणि गंमत पाहा, पुढच्या शतकात तेच वाङ्मय कुलपात गेले. पंथीयांनी सांकेतिक लिप्या तयार केल्या. सकळ लिपी ही त्यांतली मुख्य. ती रवळोबासांनी रचली असे पंथात सांगतात. सुंदरी, पारमांडल्य, अंकलिपी अशी आणखीही पुष्कळ नावे आहेत. मूळ युक्ती शाळकरी मुलालाही समजेल अशी आहे: ठरलेल्या कोष्टकाप्रमाणे एका अक्षराच्या जागी दुसरे अक्षर लिहायचे. कोष्टक ज्याच्यापाशी आहे त्याला सरळ मराठी वाचता येते. ज्याच्यापाशी नाही त्याच्या पुढ्यात नुसती अक्षरांची खिचडी. असे का केले असावे? परकी स्वाऱ्या, पंथाला होणारा विरोध, पाठात कोणी भेसळ करील ही भीती, दीक्षा न घेतलेल्याच्या हाती पोथी पडू नये ही इच्छा, अशी अनेक कारणे अभ्यासक देतात, आणि ती सर्वच थोडीथोडी खरी असावीत. पंथाचे मठ पुढे पंजाबात आणि पार काबूलपर्यंत झाले. तिकडे ही मराठी पोथी त्या लिपीतच जपली गेली, ही केवढी नवलाची गोष्ट!

या कुलपाचा लाभ झाला तसा तोटाही झाला. पाचशेहून अधिक वर्षे मराठी वाचकाला आपल्याच भाषेतील इतके सुंदर गद्य ठाऊक नव्हते. बंद दाराआड काय चालते याविषयी लोक नेहमी वाईटच कल्पना करतात. ‘मानभावी’ हा शब्द आज आपण ढोंगी माणसासाठी वापरतो. तो या पंथाच्याच नावावरून आलेला आहे, हे फारच थोड्यांच्या लक्षात असते. एका साध्या, अहिंसाव्रती पंथाच्या नावाची अशी शिवी व्हावी यात त्या गुप्ततेचा काही वाटा असावा, असे मला वाटते. विसाव्या शतकाच्या आरंभी इतिहासाचार्य वि. का. राजवाडे आणि वि. ल. भावे यांच्या प्रयत्नांनी ही किल्ली बाहेरच्या जगाला मिळाली. आणि ती मिळण्यात महंतांचेही साहाय्य झाले. मग य. खु. देशपांडे, ह. ना. नेने आणि वि. भि. कोलते यांच्यासारख्या विद्वानांनी पोथ्यांमागून पोथ्या उजेडात आणल्या.

आता खरा प्रश्न हा की, कुलूप उघडल्यावर आत काय निघाले? जारणमारण? गुप्त धन? जगबुडीची तारीख? यातले काहीही नाही. स्वामी कोणत्या गावी उतरले, कोणाच्या ओसरीवर बसले, काय जेवले, कोणी काय विचारले आणि त्यांनी काय उत्तर दिले, हे निघाले. सातशे वर्षांपूर्वीचा मराठी माणूस कसा बोलत होता, ते निघाले. माझ्या मते कोणत्याही खजिन्याहून ही प्राप्ती मोठी आहे. परंतु पेटीतल्या पुस्तकांना असली प्राप्ती चालत नाही.

दुसरे उदाहरण तर आपल्या गावचेच. हजिऱ्याकडे गेलात की चौरस बांधणीची, कोपऱ्यांवर षट्कोनी बुरूज असलेली, दगडी जाळ्यांनी वेढलेली एक भव्य कबर दिसते. तानसेन समारोहाला जाणाऱ्यांनी ती शेकडो वेळा पाहिली असेल; पण बहुतेकांचे पाय शेजारच्या तानसेनाच्या लहानशा कबरीकडे वळतात. मोठी कबर हजरत मुहम्मद गौस यांची. शत्तारी परंपरेचे हे सूफी. तरुणपणी त्यांनी चुनारच्या डोंगरात एकांतात वर्षानुवर्षे तप केले. बाबराच्या माणसांनी ग्वाल्हेरचा किल्ला घेतला तेव्हा त्यांचा सल्ला कामी आला, याचा उल्लेख बाबराच्या आत्मचरित्रात आहे. हुमायूनचा त्यांच्यावर मोठा विश्वास. म्हणून शेरशहाचा अंमल बसताच त्यांना गुजरातेत जावे लागले.

त्यांचे ‘जवाहिर-ए-खम्सा’, म्हणजे पाच रत्ने, हे पुस्तक अशा विद्येतील प्रसिद्ध पुस्तक होय. त्यात ईश्वराच्या नावांचे जप आहेत, अक्षरांची मूल्ये, ग्रह, धूप आणि वेळा यांचे हिशेब आहेत. पेटीतील उर्दू चोपड्यांचा सगळा मसाला शेवटी असल्या ग्रंथांतूनच उचललेला. पण उचलताना काय गाळले, ते पाहण्यासारखे आहे. मूळ ग्रंथाची पहिली दोन रत्ने उपासना आणि विरक्तीची आहेत. नामजपाचा विषय तिसऱ्यात येतो. त्यालाही अटी: हलाल कमाईचे अन्न खावे, खरे बोलावे, उपवास करावा, गुरूची अनुज्ञा घ्यावी. बाजारी पुस्तकात अटी गायब आणि कोष्टके तेवढी शिल्लक. औषधाच्या बाटलीवरचे पथ्य फाडून टाकावे आणि बाटली विकावी, तसला हा प्रकार.

याच महात्म्याने दुसरे एक काम केले. ते अधिक लोकांना माहीत व्हावे. योगविद्येवरील ‘अमृतकुंड’ या ग्रंथाचे जुने अरबी रूपांतर होते. त्याचा आधार घेऊन त्यांनी ‘बहर-उल-हयात’ हा फारसी ग्रंथ सिद्ध केला आणि त्यात योगासनांचे वर्णन केले. १६०० नंतर थोड्याच वर्षांत अलाहाबादेस शाहजादा सलीमसाठी या ग्रंथाची सचित्र प्रत तयार झाली. आसने घालून बसलेले जोगी तीत रंगविलेले आहेत. ती प्रत आज डब्लिनच्या चेस्टर बीटी ग्रंथालयात आहे. योग्यांची विद्या त्यांनी फारसी वाचणाऱ्यास समजेल अशा भाषेत आणली. किल्ली लपविणारा आणि किल्ली वाटणारा हे दोघे एकाच माणसात नांदू शकतात!

आता अक्षरांच्या मूल्यांविषयी. या विषयात गूढ असे काही नाही. जुन्या काळी अक्षरांनीच आकडे लिहीत. हिब्रूत आणि अरबीत पहिल्या अक्षराचे मूल्य १, दुसऱ्याचे २, असे करत दहापर्यंत, मग दहादहाने शंभरापर्यंत आणि मग शंभराशंभराने ४०० पर्यंत दोन्हीकडे सारखीच चढण आहे. अरबीत सहा अक्षरे जास्त असल्याने ती १००० पर्यंत जाते. अरबीतील या रीतीला अबजद म्हणतात. दुकानाच्या पाटीवर, लग्नपत्रिकेवर ७८६ दिसतो तो यातूनच आला. ‘बिस्मिल्लाह’च्या चार शब्दांची बेरीज १०२, ६६, ३२९ आणि २८९; एकूण ७८६. पवित्र नाव असलेला कागद पायदळी जाऊ नये म्हणून लोकांनी तो आकडा वापरला. कुराणात किंवा हदीसमध्ये त्याची आज्ञा नाही, हे मी माझ्या घरातील मुलांनाही सांगतो. संस्कृतातही कटपयादी नावाची अशीच रीत आहे. तीत ज म्हणजे ८ आणि य म्हणजे १. अंक उलट्या क्रमाने वाचायचे म्हणून ‘जय’ म्हणजे १८. महाभारताचे एक नाव जय, आणि पर्वे अठरा, युद्धाचे दिवस अठरा, गीतेचे अध्याय अठरा!

अबजदाचा सर्वांत सुंदर उपयोग मृत्यूची साले सांगण्याकडे झाला. मुहम्मद गौस वारले तेव्हा ‘देवाचा सेवक झाला’ अशा अर्थाचे तीन फारसी शब्द कोणी जुळविले. पहिल्याची बेरीज ६१, दुसऱ्याची ६०५, तिसऱ्याची ३०४, मिळून ९७०. हिजरी ९७०, म्हणजे इ. स. १५६३, हेच ते साल. हुमायून बादशहा जिन्यावरून पडून १५५६ च्या जानेवारीत वारला; ‘बादशहा छतावरून पडला’ अशा अर्थाचे वाक्य त्याच्यासाठी जुळविले, त्याची बेरीज येते ९६२. प्रत्यक्ष साल होते ९६३. एक कमी पडतो हे जुन्या लोकांना ठाऊक होते. तरी वाक्य चांगले म्हणून ते राहिले, आणि कमी आहे तो एक कमीच आहे असे ते मानीत आले. येथे साल आधी माहीत आहे. शब्द मागाहून, माणसाने, हेतुपूर्वक बसविलेले आहेत.

पेटीतली पुस्तके नेमकी याच्या उलट जातात. ती शब्द आधी घेतात आणि त्यातून हवे ते साल बाहेर काढतात. हे किती सोपे असते ते माझ्या वर्गात दिसले. आपल्या किल्ल्यावर चढताना चतुर्भुजाचे खडकात कोरलेले छोटेसे मंदिर लागते. तेथे विक्रम संवत ९३३, म्हणजे इ. स. ८७६ चा लेख आहे. त्यात फुलबागेसाठी दिलेल्या जमिनीची लांबी २७० हात, रुंदी १८७ हात आणि देवाला रोज वाहायच्या माळा ५० दिलेल्या आहेत. २७० आणि ५० मधील शून्य आजच्यासारखे वाटोळे कोरलेले आहे. शून्याच्या याहून जुन्या खुणा इतरत्र सापडल्या आहेत. तरी निश्चित सालाचा, दशमान पद्धतीतील इतका स्पष्ट लेख म्हणून जगभरचे गणिती तो पाहावयास येतात. मुलांना तो दाखवून आणल्यावर मी फळ्यावर अबजदाची मूल्ये लिहिली आणि उर्दूत ‘गवालियार’ लिहून बेरीज करावयास सांगितली. गाफला कापचेच मूल्य, २०. मग ६, १, ३०, १०, १ आणि २००. उत्तर आले २६८. वर्गात एकच गलबला झाला: ‘सर, दोनच कमी!’ लगेच एक हुशार मुलगा उठला आणि म्हणाला, ‘बे या अक्षराचे मूल्य दोन. आधी फारसीतला ब लावला की अर्थ होतो ग्वाल्हेरला; आणि बेरीज २७०!’ टाळ्या पडल्या. मी त्यांना विचारले, तीनच कमी पडले असते तर? ‘जीम लावला असता.’ आणि पाच जास्त झाले असते तर? ‘शेवटची हे सोडून मोजले असते,’ दुसऱ्या कोणी तरी सांगितले, आणि मग सगळेच हसू लागले. मी पुढे काही शिकवले नाही. त्याची गरजच उरली नव्हती.

बायबलमधील संकेतांचे शास्त्र म्हणून जे मिरविले जाते त्याची रीत थोडी निराळी आहे. तीत बेरीज करीत नाहीत. ठराविक अंतर सोडून अक्षरे उचलतात. मोशेच्या पाच ग्रंथांना यहुदी लोक तोरा म्हणतात. त्यातील पहिला उत्पत्तीचा ग्रंथ, हिब्रूत ७८,०६४ अक्षरांचा. कोणत्याही अक्षरापासून आरंभ करा, दर पाचवे, दर पन्नासावे किंवा दर नऊशेवे अक्षर घ्या, उलटही वाचा, आणि एखादे नाव दिसते का पाहा. १९९४ साली विट्झटुम, रिप्स आणि रोझेनबर्ग यांनी संख्याशास्त्राच्या एका मान्यवर नियतकालिकात निबंध छापला की, प्रसिद्ध रब्बींची नावे आणि त्यांच्या जन्ममृत्यूच्या तिथी अशा रीतीने उत्पत्तीत जवळजवळ आढळतात, आणि हे योगायोगाने होण्यासारखे नाही. १९९७ साली मायकल ड्रॉस्निन या पत्रकाराने त्यावर ‘द बायबल कोड’ हे पुस्तक लिहिले. त्याच्या प्रती जगभर खपल्या आणि त्यातली एक आपल्या पेटीत आली.

वाचकांनी क्षणभर पेन्सिल हाती घ्यावी. अंतर १ पासून १००० पर्यंत, वाचण्याच्या दिशा दोन. म्हणजे ७८,०६४ गुणिले २,०००, सुमारे १५ कोटी ६१ लाख आरंभस्थाने. हिब्रूची अक्षरे २२. सर्व अक्षरे सारख्याच प्रमाणात येतात असे सोयीसाठी धरू. चार अक्षरी शब्द योगायोगाने जुळण्याचा संभव बाविसाच्या चौथ्या घाताला एक, म्हणजे २,३४,२५६ ला एक. भागाकार करा: येतात ६६६! ख्रिस्ती शास्त्रातील प्रकटीकरणाच्या ग्रंथात श्वापदाचा म्हणून सांगितलेला आकडा नेमका हाच. हा भागाकार मी रात्री अकरा वाजता केला आणि खरे सांगतो, क्षणभर अंगावर काटा आला. मग लक्षात आले की, मजकुराच्या टोकाशी अंतर पुरत नाही, तेथील आरंभस्थाने वजा केली पाहिजेत. ती केली तेव्हा उत्तर ६५३ वर आले. पुस्तक विकायचे असते तर मी ६६६ वरच थांबलो असतो.

तात्पर्य इतकेच की, कोणताही चार अक्षरी शब्द घ्या, तो त्या ग्रंथात शेकडो वेळा सापडणारच. ड्रॉस्निनने टीकाकारांना आव्हान दिले होते की, ‘मॉबी डिक’ या देवमाशाच्या कादंबरीत पंतप्रधानाच्या खुनाचा संकेत दाखवा, मग मी मानीन. ऑस्ट्रेलियातील गणिती ब्रेंडन मॅके याने त्याच रीतीने दाखवून दिले. इंदिरा गांधींच्या हत्येचासुद्धा ‘संकेत’ त्या कादंबरीत निघाला. १९९९ साली मॅके, बार-नातान, बार-हिलेल आणि कलाई यांनी त्याच नियतकालिकात उत्तर छापले. रब्बींची नावे निरनिराळ्या प्रकारे लिहिता येतात. कोणते रूप घ्यायचे, कोणते सोडायचे यात एवढी मोकळीक होती की फळ त्या निवडीतूनच येऊ शकते, असे त्यांनी सिद्ध केले. माझ्या वर्गातला ब आणि जीम, तेच हे. या चौघांपैकी तिघे इस्रायलमधील यहुदीच होते, हे मुद्दाम सांगतो; आपल्या ग्रंथावरील प्रेमामुळे त्यांच्या गणितात फरक पडला नाही.

दुसऱ्याच्या घराविषयी लिहिले, तेव्हा आता स्वतःच्या घराविषयीही लिहिले पाहिजे. गेल्या शतकाच्या उत्तरार्धात रशाद खलिफा नावाच्या, अमेरिकेत राहणाऱ्या मिसरी रसायनशास्त्रज्ञाने कुराणातील सर्व मोजण्या १९ ने भागल्या जातात असा सिद्धांत मांडला. प्रारंभी पुष्कळांना तो आवडला. पण काही मोजण्या जमेनात. तेव्हा त्याने नवव्या सूऱ्याच्या शेवटच्या दोन आयती मुळात कुराणातल्याच नव्हेत असे जाहीर केले! ग्रंथाची थोरवी सिद्ध करण्यास निघालेला संकेत शेवटी ग्रंथालाच कात्री लावतो, याहून स्पष्ट उदाहरण मला ठाऊक नाही. हिंदू घरांतही असे आहेच. भारती कृष्ण तीर्थ यांचे ‘वैदिक गणित’ १९६५ साली छापले गेले. त्यातील आकडेमोडीच्या युक्त्या मजेदार आहेत आणि मीही त्या मुलांना दाखवितो. पण ती सोळा सूत्रे वेदाच्या उपलब्ध पाठात विद्वानांना आढळली नाहीत. टाटा मूलभूत संशोधन संस्थेचे गणिती श्री. ग. दाणी यांनी हे सविस्तर मांडले आहे. युक्ती चांगली असेल तर तिला प्राचीनतेचा दाखला कशाला हवा?

आणि या सगळ्या गदारोळात मोशेचे नियमशास्त्र खरोखर काय सांगते, ते कोणी वाचतच नाही. यहुदी परंपरेप्रमाणे त्यात ६१३ आज्ञा आहेत, २४८ ‘करा’ म्हणून आणि ३६५ ‘करू नका’ म्हणून. त्यांतल्या काही पाहा. मजुराची मजुरी सूर्य मावळण्याआधी द्या. वजने आणि मापे खरी ठेवा, थैलीत मोठे एक आणि लहान एक असे बाळगू नका. शेत कापताना कडेचे पीक आणि विसरलेली पेंढी गरिबासाठी, परक्यासाठी, विधवेसाठी राहू द्या. नवे घर बांधाल तर गच्चीला कठडा करा, कोणी पडून मरू नये. उन्हाळ्यात गच्चीवर झोपणाऱ्या आपल्या ग्वाल्हेरकरांना ही शेवटची आज्ञा मी फळ्यावर लिहून द्यायला तयार आहे. शिवाय दर सातव्या वर्षी पुरुष, बायका, मुले आणि गावात राहणारा परका या सर्वांना एकत्र करून हे नियमशास्त्र मोठ्याने वाचून दाखवावे, अशीही आज्ञा त्यातच आहे. दडवायचे असते तर जाहीर वाचनाची आज्ञा कशी दिली असती? कुराणातही सांगितले आहे की, काही आयती स्पष्ट अर्थाच्या आहेत आणि त्याच ग्रंथाचा मूळ आधार. वाकड्या मनाची माणसे तेवढी संदिग्धाच्या मागे लागतात.

हे नियमशास्त्र मराठी घरांत कसे नांदले, ते बेने इस्रायलांकडून शिकावे. कोकणात हे लोक तेल गाळण्याचा धंदा करीत आणि शनिवारी घाणा बंद ठेवीत. म्हणून त्यांना ‘शनिवार तेली’ हे नाव पडले. शतकानुशतके त्यांच्यापाशी ग्रंथ नव्हता, हिब्रू विसरली होती. उरली होती एक प्रार्थना, सुंता, शनिवार आणि खाण्यापिण्याचे काही नियम. त्यांच्यात अशी कथा सांगतात की, डेव्हिड राहबी नावाचा यहुदी त्यांच्याकडे आला आणि हे खरे कोण आहेत ते पाहावे म्हणून त्याने बायकांपुढे निरनिराळे मासे ठेवले. बायकांनी पर आणि खवले असलेले मासे घेतले, बाकीचे बाजूला सारले. नियमशास्त्रातला नियम तोच! पुढे १७९६ साली सॅम्युअल दिवेकर यांनी मुंबईत सभास्थान बांधले; १८४६ मध्ये मुंबईस आणि १८७४ मध्ये पुण्यास वल्हांडणाच्या रात्री वाचावयाचे पुस्तक मराठी अर्थासह छापले गेले. ज्यांना एक अक्षरही वाचता येत नव्हते त्या बायकांनी जो ग्रंथ हातांनी सांभाळला, त्यात लपविलेल्या संकेतांचे काय काम होते, ते मला कळत नाही.

असो. पेटीचे काय केले ते सांगून संपवितो. एकही पुस्तक रद्दीत गेले नाही. ती सर्व वाचनालयाच्या खिडकीजवळच्या कपाटात लावली आहेत. ‘द बायबल कोड’च्या शेजारी १९९४ आणि १९९९ चे दोन्ही निबंध छापून, एकत्र बांधून ठेवले आहेत, दोन्ही वाचल्याशिवाय पुस्तक घरी न्यावयाचे नाही, एवढी अट मंडळाने मान्य केली. नक्षांच्या चोपड्या शाळकरी मुलांना देऊ नयेत, असे मी सुचविले होते. ते मंडळाने मानले नाही, आणि आता मलाही वाटते की त्यांचेच बरोबर होते.

वाड्यातले ते गृहस्थ मध्यंतरी पुन्हा भेटले. शेजारच्या आजोबांनी त्या मोडी कागदाची बाळबोधीत नक्कल करून दिली होती. ती त्यांनी घडी करून खिशात ठेवली होती. लग्न कोणाचे, ते पहिल्याच ओळीत लिहिले होते. ते त्यांच्या पणजीचे निघाले. तिचे माहेरचे नाव घरात कोणालाच ठाऊक नव्हते. तूप अडीच मण लागले होते, असे त्यांनी मला दोनदा सांगितले.